दाजी, आक्का कुठं ठेवलीत?

दाजी, तुमच्या तोंडावरची चादर मी दोनदा वर करून बघितली. पहिल्यांदा रडता रडता, आणि दुसऱ्यांदा खात्री करायला. बायका आपसात म्हणाल्या, बाईंचा लई जीव हुता दाजींवर. जीव होता, नाही कशाला म्हणू? पण दुसऱ्या वेळी मी बघत होते ते तुम्ही खरंच गेलात की नाही ते. तुमचा काय नेम! माझ्या एका सरळ प्रश्नाला तुम्ही कधी सरळ उत्तर दिलं नाहीत, आणि आता आजारपणात बरे सापडलात, आता बोलतं करतेच, असं मी ठरवलं तर तुम्ही डोळे मिटून मोकळे. ओठाच्या डाव्या कोपऱ्यात ती मुरड तशीच होती. थाप मारताना असायची, तीच. मी चादर परत ओढली आणि आल्यागेल्यासाठी चहा ठेवायला उठले.

मेलेल्या माणसाविषयी वाईट बोलू नये म्हणतात. मी कुठं तुमच्याविषयी बोलतेय? मी तुमच्याशीच बोलतेय. आपलं भांडण अर्धं राहिलंय, आणि अर्धं भांडण पोटात ठेवून मला जेवण जात नाही. प्रश्न तोच आहे, जो मी तुम्हाला शाळेच्या ओट्यावर, माझ्या चुलीपुढं, देवळाच्या दारात, जिथं गाठलं तिथं विचारला. माझी सख्खी बहीण, तुमची लग्नाची बायको, मार्था. ती कुठं आहे?

तुम्ही मला फौजदार म्हणायचात. मी शाळा सुटल्यावर तुमच्या अंगणात पाऊल टाकलं की आतूनच आवाज यायचा, "रोझे, आली गं तुजी मावशी. फौजदाराला पाट दे." मला राग यायचा नाही, कारण खोटं काहीच नव्हतं त्यात. तागडीच्या बुडाला चिंच चिकटवली आहे का ते बघितल्याशिवाय मी भाजी घेत नाही. दूधवाल्याच्या चरवीत बोट बुडवून बघते. पोराचं गणित बरोबर आलं की शाबासकी देण्याआधी त्याच्या शेजारच्याची पाटी बघते. माझी आईच म्हणायची, ही पाळण्यात असल्यापासून आईच्या पदराचा वास घेऊन मगच दूध प्यायची. असल्या बाईशी गाठ होती तुमची, आणि तरी तुम्ही लपवायला गेलात.

तसं आपलं देऊळच पहिल्यापासून संशयास्पद. सगळ्या नगर जिल्ह्यात माणसं काळ्या दगडात नाहीतर मातीत बांधतात, आणि आपल्या गावच्या उघड्या बोडक्या टेकडीवर अख्खं देऊळ सागाच्या लाकडाचं! भिंती लाकडाच्या, खांब लाकडाचे, जमीनसुद्धा फळ्यांची. आपल्या आज्यांच्या काळात कुणी परदेशी फादर आले, त्यांनी अकोल्याच्या डोंगराकडून बैलगाड्या भरभरून साग आणला. शेजारच्या गावचे लोक म्हणायचे, फादरनं वाळवीला जेवणाचं आवतण दिलंय. फादर म्हणे सांगायचे की माझ्या गावी असंच देऊळ आहे, पण तळ्याच्या मधोमध, बेटावर. लोक होडीत बसून मिस्सेच्या प्रार्थनेला जातात. आपल्या म्हाताऱ्या डोक्यावरची घागर सांभाळत त्यांचं ऐकायच्या आणि घरी येऊन हसायच्या. आमच्या नदीत संक्रांतीलाच वाळू दिसते, आणि म्हणे देवळाभोवती पाणी! चांगला माणूस आहे, पण गप्पा फार हाणतो, असं गावाचं मत होतं.

वाळवी लागू नये म्हणून फादरांनीच रीत घालून दिली. दर उन्हाळ्यात, पावसाच्या आधी, सगळ्या गावानं मिळून देवळाला जवसाचं तेल पाजायचं. बायका फडकी घेऊन भिंतींना, पुरुष शिड्यांवर. आणि त्याच दिवसांत टेकडीच्या उतारावरच्या कबरींचे लाकडी क्रूस उपटून घरी आणायचे. घासायचे, तेल पाजायचं, बुडाला डांबर फासायचं आणि वाळेपर्यंत ओसरीत भिंतीला टेकवून ठेवायचे. पहिल्या दिवशी क्रूसापुढं भाकरी ठेवायची, माणूस घरी आलं म्हणून. आक्का गेली त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात तिचा क्रूस तुम्ही खांद्यावरून आणलात, ओसरीत टेकवलात, आणि भाकरीवर हिरव्या मिरचीचा ठेचा ठेवलात. "ठेच्याबिगर ती जेवत न्हाई," असं म्हणालात आणि गोठ्यात निघून गेलात. तुम्ही गोठ्यात काय करता ते बघायला मी मागून आले होते. बैल कधीच विकले होते. रिकाम्या दावणीला धरून तुम्ही रडत होतात.

म्हणून तर सांगते, तुमचं तिच्यावर प्रेम होतं की नाही ही शंका मला कधीच आली नाही. एवढी एकच शंका आली नाही, बाकी सगळ्या आल्या.

धरणाचं पाणी येणार म्हणून गाव उठलं, ते नेमकं तेल पाजायच्या दिवसांत. क्रूस घरोघरी ओसरीत होते. भांडीकुंडी, कोंबड्या, जातं, पेट्या गाडीत चढल्या, तसे क्रूसही चढले. कुणालाच सुचलं नाही की हे आधी जागेवर रोवून या. उलट बरं वाटलं सगळ्यांना. आपली माणसं आपल्याबरोबर निघाली, असंच वाटलं. मी स्वतः आक्काचा क्रूस मांडीवर घेऊन बसले होते गाडीत, पोर घेऊन बसावं तशी. नव्या गावाला पत्र्यांखाली पोचलो, पावसाचे चार थेंब पडले, रस्ता चिखल झाला, आणि सगळे म्हणाले, पाऊस सरला की रोवून येऊ. कबरी तर टेकडीवर आहेत, पाणी काय टेकडी चढणार आहे?

पाणी चढलं. देऊळ माथ्यावर होतं ते कोरडं राहिलं, पण कबरी होत्या उतारावर. कुणीतरी बातमी आणली की पाणी उताराच्या पायथ्याशी लागलंय आणि रोज वर सरकतंय. आताचे फादर सायकलवरून भिजत आले आणि म्हणाले, मृतांना वर काढून देवळात आणा, फळ्यांखाली ठेवा, मी आशीर्वाद देतो. त्या दिवशी गावातल्या पुरुषांना काय काय झालं ते मी विसरलेले नाही. एकाची कंबर धरली. एकाला हीव भरलं. एकाची बायको दिवस भरलेली, ती मूल झाल्यावरही आणखी महिनाभर दिवस भरलेलीच होती. मेलेल्याला उकरायला कोण हात लावणार? देवळाची किल्ली तुमच्याकडं. तुम्ही कुदळ, फावडं आणि गुंडाळायला घरातली होती नव्हती ती धोतरं घेऊन निघालात. भोयानं तुम्हाला होडीतून पलीकडं सोडलं. धो धो पाऊस होता.

परत आलात तेव्हा तुमचा आवाज बसला होता आणि नखं काळीनिळी पडली होती. सगळं गाव तुमच्या दारात. तुम्ही म्हणालात, "समद्यांना वर घेतलंय. कोरड्यात हायेत." बायका तुमच्या पाया पडल्या. मी पाया पडले नाही. मी विचारलं, "आक्काला कुठं ठेवलंत?" तुम्ही म्हणालात, "चांगल्या जागी." म्हणजे काय, दाजी? कोणती चांगली जागा? फौजदाराला असलं उत्तर देतात होय?

त्या दिवसापासून टेकडीचं बेट झालं आणि त्या बेटाचे तुम्ही राजे झालात. डांबराच्या रिकाम्या पिंपांचा तराफा बांधलात. दर रविवारी एकटे जाऊन देऊळ झाडायचात आणि घंटा वाजवायचात. पाण्यावरून घंटा ऐकू आली की नव्या गावात लोक हात जोडायचे. मी मात्र काठावर उभी राहून बघायचे, तराफा टेकडीच्या कोणत्या बाजूला लावलाय, आत किती वेळ काढला, येताना हातात काय आहे. कुणी म्हणालं मला न्या, तर तुमच्याकडं कारण तयार. कधी वारा, कधी पिंप गळकं, कधी देवळात साप निघाला. साप तर इतके निघाले की मी विचारलं, देवळात मिस्सा होते की नागपंचमी? हसलात आणि वल्हं उचललंत.

मी म्हणाले, "बरं, मी नको. हा आक्काचा क्रूस तरी न्या आणि रोवा." तुम्ही क्रूस हातात घेतलात, त्याच्यावरून हात फिरवलात आणि परत माझ्या भिंतीला टेकवलात. "ऱ्हाऊ द्या अजून. तेल सुकू द्या." जवसाचं तेल वर्षभर सुकत नाही, हे मला नव्यानंच कळलं. तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. मग मी घरोघर जाऊन नजर टाकून आले. तुम्ही कुणाचाच क्रूस परत नेला नव्हता. गावातला एकेक क्रूस आपापल्या ओसरीत भिंतीला टेकून उभा होता.

मग मी सापळा लावला. तुम्हाला आठवत असेल, माझ्याकडं पिठलं-भाकरी खायला बसला होतात. मी कांदा फोडता फोडता सहज विचारावं तसं विचारलं, "आक्काच्या पायात जोडवं होतं का हो, काढलंत तेव्हा?" तुम्ही घास चावून संपवलात आणि म्हणालात, "हुतं की. उजव्या पायात."

दाजी, आक्काची दोन्ही जोडवी तेव्हा माझ्या ट्रंकेत होती. तिला मातीत ठेवायच्या आधी तुम्ही स्वतःच्या हातानं काढून माझ्या मुठीत दाबली होतीत, रोझाला द्या म्हणून. तुम्ही विसरणं शक्य नाही. तुम्हाला बैलांच्या आजोबांची नावं पाठ होती. मग "हुतं" का म्हणालात? मी त्या दिवशी तुम्हाला आणखी पिठलं वाढलं. पण नंतर किती विचार केला! एकदा वाटलं, तुम्ही कबर उकरलीच नाहीत. एकदा वाटलं, मला गप्प करायला जे तोंडाला आलं ते बोललात. एकदा तर असंही वाटलं की सापळा तुमच्या लक्षात आला होता आणि तुम्ही मुद्दाम पाय टाकलात, मी ओरडून विचारावं म्हणून. विचारलं असतं तर सांगितलं असतंत का? मी विचारलं नाही. मला उत्तराची भीती वाटली.

मग बहात्तरचा दुष्काळ पडला. माणसं खडी फोडायला लागली, घरात लाल मिलो ज्वारीच्या भाकरी, शाळेत पोरांना सुकडी. धरण आटलं. तुमचं बेट परत टेकडी झालं, आणि भेगाळलेल्या गाळातून चालत जाता यायला लागलं. आता साप सांगून भागणार नव्हतं. आम्ही सगळे निघालो. जुनी विहीर, मारुतीचा पार, शाळेचं जोतं, सगळं गाळाच्या रंगाचं झालेलं. उतारावर कबरींची खूण नव्हती, सगळं सपाट. माथ्यावर देऊळ तसंच उभं. तेल न पाजल्यानं पांढुरकं पडलेलं, पण एक फळी हललेली नव्हती. तुम्ही आधीच येऊन दार उघडून उभे होतात.

एकेकाला आत नेलंत. प्रत्येकाच्या खांद्यावर हात ठेवून जागा दाखवलीत. "हितं तुमची आई." "हितं तुमचा थोरला." माणसं फळीवर गुडघे टेकून ओक्साबोक्शी रडत होती. मला नेलंत उजव्या हाताच्या दुसऱ्या खांबाजवळ, जिथं आक्का मिस्सेला बसायची. तिथल्या फळीतली गाठ गळून पडून डोळ्याएवढं भोक पडलंय. "हितं मार्था. उशाला वेदी, पाय दाराकडं." मी त्या भोकाला तोंड लावून तिला हाक मारली. हो, मीच, फौजदार. त्या क्षणी तुम्हाला सगळं माफ केलं होतं मी. जोडव्यासकट.

ते माफ करणं परतीच्या गाळापर्यंतसुद्धा टिकलं नाही. भागूबाई माझ्याबरोबर चालत होती. तिचा नवरा आक्काच्या आधी वर्षभर गेलेला. डोळे पुसत म्हणाली, "लई चांगली जागा दिलीय बाई दाजींनी आमच्यांना. खांबाजवळ. फळीला भोक हाय बघा, डोळ्यासारकं, त्याच्याच खाली."

मी जागच्या जागी वळले. चप्पल गाळात रुतली, ती तिथंच सोडली. तुम्ही दाराला कुलूप लावत होतात. मी दम खात विचारलं, "दाजी, ज्या फळीखाली माझी आक्का, त्याच फळीखाली भागूबाईचा नवरा?"

तुम्ही किल्ली फिरवलीत. कुलूप ओढून बघितलंत. मग माझ्याकडं न बघता म्हणालात, "फळी लांब हाय, बाई."

"लाज वाटत नाही? बायकांना फसवता? मेलेल्यांवरून?"

"फसवलं कुटं? दाखवलं."

"मी फादरांना सांगीन."

"सांगा की. फादरबी त्याच फळीवर हुबं ऱ्हात्यात."

मग मी काय काय बोलले ते सगळं खरं म्हणूनच बोलले होते, परत घेत नाही. तुम्ही ऐकून घेतलंत, खाली गेलात, गाळातून माझी चप्पल काढलीत, धोतराला पुसलीत आणि माझ्यापुढं ठेवलीत. घाला म्हणालात, काटे हायेत. मी ती हातात घेऊन अनवाणी घरी आले.

फादरांना मी सांगितलं नाही. भागूबाईलाही नाही. का नाही, ते तेव्हा माझं मलाच कळलं नव्हतं. मी एवढंच केलं की तुमच्याशी बोलणं कमी केलं आणि कालवणाची वाटी पाठवायची ती रोझा माहेरी आली असली तरच पाठवायची. तरी तुम्ही यायचात. दारात बसायचात. आक्काच्या क्रूसाकडं बघायचात आणि माझ्या हातचा चहा बशीत ओतून प्यायचात. एकदा म्हणालात, "मी गेलो की मला मार्थाजवळ ठेवा." मी म्हणाले, "मग जागा दाखवा." तुम्ही बशी पालथी घातलीत आणि उठलात. तेच आपलं भांडण, तिथंच थांबलंय ते.

पुढच्या वर्षी पाऊस झाला, पाणी भरलं, टेकडीचं परत बेट झालं. आणि या थंडीत तुम्हाला छातीत कफ धरला. रोझाला शेवगावहून यायला वेळ लागला, तोवर तुमच्या उशाशी मीच होते. तापात बडबडत होतात. बैलांना हाका मारत होतात. मध्येच माझा हात धरून अगदी स्पष्ट म्हणालात, "चिखलात समदी सारकीच हुती, बाई. वर खूण न्हाई, काय न्हाई. एकीच्या पायात जोडवं घावलं. म्हनलं, हीच."

मी म्हणाले, "दाजी, काय म्हणालात?" तुम्ही पाणी मागितलंत. प्यालात आणि झोपलात. मग पुन्हा त्यातलं एक अक्षर नाही. आता हे मी खरं धरायचं की तापातलं? फौजदार म्हणून सांगते, तापात बोललेलं धरत नाहीत. पण बहीण म्हणून त्या वाक्याभोवती रोज फिरतेय. त्या पावसात, एकटे, गळ्यापर्यंत चिखलात, आणि सगळे क्रूस आमच्या ओसऱ्यांवर वाळत टाकलेले! जोडवं तुम्हीच काढलं होतंत हे तुम्हाला त्या क्षणी आठवलं नसेल का? आठवलं असेल. आणि तरी म्हणालात, हीच. कारण कुणीतरी एक ती असायलाच हवी होती. त्या पाण्याच्या कडेला मी तुमच्याजागी असते तर काय म्हणाले असते? हे विचारलं तर तुम्ही हसाल, म्हणून विचारत नाही.

तुमची पेटी तराफ्यावर ठेवून नेली. तुमच्याच पिंपांचा तराफा, आणि एक पिंप खरंच गळकं निघालं. म्हणजे ते तरी खोटं नव्हतं. फादर झगा वर धरून बसले होते. बाकी गाव भोयांच्या होड्यांतून मागं. देऊळ उघडलं, पेटी वेदीपुढं ठेवली, आणि फादर म्हणाले, "आत नको, भिंतीला लागून बाहेर खणू. पण मार्थाबाईंच्या शेजारीच. त्यांना कुठं ठेवलंय?"

सगळ्यांनी माझ्याकडं बघितलं. बरोबरच आहे. मी बहीण. आणि वर्षानुवर्षं मी तुमच्या मागं लागलेली सगळ्यांनी पाहिलेली. फौजदारानं कबुली घेतलीच असणार, असा सगळ्यांचा समज.

मी तोंड उघडलं ते खरं सांगायलाच. देवाशपथ. म्हणणार होते की कुणालाच माहीत नाही, माझ्या आक्काचं नाही आणि तुमच्याही कुणाचं नाही. आणि मग मी देवळात बघितलं. दाजी, कुणीही सांगितलेलं नसताना प्रत्येक जण आपापल्या फळीवर उभा होता. कुणी खांबापाशी, कुणी दारापाशी, कुणी पार वेदीच्या पायरीशी. म्हातारीकोतारी मध्येच वाकून फळीला हात लावून कपाळाला लावत होती. ज्यांची त्या दिवशी कंबर धरली होती तेसुद्धा. भागूबाई भोकाजवळ चवड्यावर बसली होती, फळीवर हात ठेवून, नवऱ्याच्या पाठीवर ठेवावा तसा. हे सगळं तुम्ही एकट्यानं तोंड दाबून सांभाळलंत. माझ्या शिव्या खाऊन.

मी दुसऱ्या खांबाजवळ गेले. "इथं," मी म्हणाले. "उशाला वेदी, पाय दाराकडं." आवाज जरासुद्धा हलला नाही. मास्तरकीचा एवढा तरी उपयोग.

माणसं कुदळी घेऊन बाहेर गेली. रोझा गेली नाही. ती माझ्याकडं बघत उभी राहिली, डोळे बारीक करून. आमच्या घराण्याचं रक्त, दुसरं काय! "मावशी, तुला कसं ठाऊक? बाबांनी मला कदी सांगितलं न्हाई."

"जोडवं होतं उजव्या पायात," मी म्हणाले. "तुझ्या बाबांनी स्वतः मला सांगितलं."

यात एक अक्षर खोटं नाही, बघा. ती रडायला लागली आणि बाहेर गेली. भागूबाईला तिच्याबरोबर धाडलं. मग मी कमरेची पिशवी सोडली. आक्काची जोडवी मी त्या सकाळी ट्रंकेतून काढून आणली होती, तुमच्या पेटीत ठेवावीत म्हणून. एक रोझासाठी परत पिशवीत टाकलं. दुसरं, उजव्या पायातलं, फळीच्या त्या भोकातून खाली सोडलं. पडल्याचा आवाजसुद्धा झाला नाही, मऊ माती असेल. आता जोडवं आहे तिथं, दाजी. आता कुणी उकरून बघितलं तरी तुम्ही खोटे पडणार नाही. आणि जी कुणी तिथं झोपली असेल, ती आजपासून माझी आक्का.

बाहेर तुम्हाला माती दिली. आक्काचा क्रूस मी बरोबर आणलाच होता, तेल पाजून. तो तुमच्या उशाशी भिंतीला लागून रोवला, तिचा आणि तुमचा मिळून एकच. तुमच्यासाठी वेगळा करायचं रोझा म्हणत होती, मी नको म्हणाले. तुम्ही आयुष्यभर तिच्या ताटातला ठेचा खाल्लात, क्रूसही तिचाच पुरे. लोक म्हणाले, आमचेपण क्रूस आणतो आता. आणा म्हटलं, भिंतीला जागा आहे.

आणि दाजी, मला तुमची फार आठवण येते. चहा करताना अजून दोघांचं पाणी ठेवते. दारात बशी वाजल्याचा भास होतो आणि मी बघायला जाते, कोण आहे म्हणून.

सगळे होड्यांकडं उतरायला लागले तेव्हा रोझानं किल्ली माझ्या हातात दिली. बाबांनंतर तूच, म्हणाली. मी दार ओढून घेतलं. भागूबाई मागं रेंगाळली होती. कुणी ऐकत नाही असं बघून अगदी जवळ आली आणि खालच्या आवाजात म्हणाली, "बाई, खरं सांगा. ती भोकाची फळी तर दाजींनी आमच्यांची म्हनून दाखवली हुती."

मी किल्ली फिरवली. कुलूप ओढून बघितलं.

"फळी लांब हाय, भागूबाई," मी म्हणाले.